इनामगावची पाय नसलेली माणसं

आपल्याकडे गावच्या जमिनीचे दोन भाग असतात, काळी आणि पांढरी. काळीत पीक येतं, पांढरीत माणसं राहतात. पांढरीची माती वेगळी दिसते, कारण त्याच जागेवर पिढ्यान्‌पिढ्या घरं बांधली गेली, पडली, पुन्हा बांधली गेली. मातीच्या भिंती, चुलीतली राख, शेण, हाडं, फुटकी गाडगी-मडकी असं सगळं एकमेकांत मुरलं आणि जमीन राखाडी, भुसभुशीत होत उंच चढत गेली. गाव उठून गेलं की मागे नुसतं टेकाड उरतं. ही माती पिकाला चांगली, हे शेतकऱ्याला ठाऊक असतं. त्यामुळे जुन्या टेकाडांची माती गाड्या भरभरून शेतात गेली आहे. पुरातत्त्ववाल्याला अशी गाडी दिसली की त्याच्या पोटात गोळा येतो. तो खत म्हणून चाललेल्या मातीकडे जळत्या दप्तरखान्याकडे बघावं तसं बघत असतो.

शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठावर इनामगाव आहे, पुण्याहून पूर्वेला ऐंशी-नव्वद किलोमीटरवर. तिथल्या टेकाडावर पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९६८ पासून पुढची पंधराएक वर्षं उत्खनन केलं. ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर आणि झै. दा. अन्सारी ही त्यातली मुख्य नावं. साधारण इ.स.पू. १६०० ते ७०० अशी नऊशे वर्षं तिथे शेतकऱ्यांची वस्ती होती. ही माणसं तांब्याची आणि दगडाची हत्यारं एकत्र वापरत, म्हणून या काळाला ताम्रपाषाणयुग म्हणतात. त्यांना लिहिता येत नव्हतं. एक नाव, एक शब्दही त्यांनी मागे ठेवलेला नाही.

तरीही त्यांच्याबद्दल आपण बरंच काही बोलतो. ते जवाची शेती करायचे, गुरं पाळायचे, त्यांचा एक प्रमुख होता, त्यांना मेलेल्यांची भीती वाटायची. यातलं जमिनीतून निघालं किती आणि आपण लावलेला अर्थ किती, हे वेगळं करून दाखवावं म्हणून हा लेख. बातमीत दोन्ही एकाच सुरात छापलं जातं, आणि पुरातत्त्वाबद्दलचे निम्मे वाद तिथेच सुरू होतात.

आधी मातीच्या थरांबद्दल. जुनं खाली आणि नवं वर, हा नियम शाळेतल्या पोराला सांगितला तरी कळतो. टेकाडात मात्र तो इतका सरळ चालत नाही. माणसं खड्डे खणतात. कुणी धान्यासाठी पेव काढतं, कुणी खांब रोवतं, कुणी मेलेल्याला पुरतं. त्याशिवाय उंदीर-घुशी आहेतच. वरच्या पिढीने खणलेलं पेव खालच्या चार पिढ्यांच्या जमिनी फोडत जातं आणि नंतर कचऱ्याने भरतं. मग इ.स.पू. ८००चं खापर इ.स.पू. १४००च्या जमिनीशेजारी सापडतं, त्याच खोलीवर. म्हणून उत्खननात माती उकरण्यापेक्षा तिच्याकडे बघण्यात जास्त वेळ जातो. चराची उभी भिंत तासून साफ करतात, पाणी शिंपडतात आणि रंग कुठे बदलतो, माती कुठे सैल लागते ते पाहतात. पेवाची कड सापडली की आतला माल वेगळ्या पिशवीत. ही कड नजरेतून निसटली तर पुढची प्रयोगशाळा कितीही महागडी असो, काही उपयोग नाही.

वय काढण्याच्या पद्धतींपैकी कार्बन-१४ सगळ्यांना ऐकून माहीत आहे. झाड असो की जनावर, जिवंत असेपर्यंत शरीरात किरणोत्सारी कार्बन येत राहतो. जीव गेला की आवक बंद होते आणि आहे तो साठा ओसरू लागतो, ५७३० वर्षांत निम्मा. किती उरला ते मोजायचं आणि किती वर्षं झाली ते काढायचं. विलार्ड लिबी यांनी १९४०च्या दशकात ही पद्धत बसवली आणि १९६० साली त्यांना तिच्यासाठी नोबेल मिळालं. पन्नासएक हजार वर्षांच्या पलीकडे ती चालत नाही, कारण मोजण्याजोगं काही उरतच नाही.

पण हे वय नक्की कशाचं असतं? ते झाड मेल्याचं वय असतं, घर बांधल्याचं नाही. जुना वाडा पाडला की त्यातली सागवानी तुळई आपण टाकून देत नाही, नव्या घरात वापरतो. त्या नव्या घराला आग लागली आणि तीन हजार वर्षांनी कुणी तो कोळसा तपासला, तर घर दीडशे वर्षं आधीचं ठरेल. म्हणून कोळशापेक्षा जळका दाणा बरा. जव त्या वर्षी पिकला आणि फार तर वर्ष-दोन वर्षांत चुलीजवळ सांडला. शिवाय हवेतलं या कार्बनचं प्रमाण सगळ्या काळात सारखं नव्हतं. झाडांच्या खोडातल्या वर्षाच्या वलयांशी ताडून ते आकडे दुरुस्त करावे लागतात. हाती येतो तो एक पट्टा, अमुक वर्षापासून तमुक वर्षापर्यंतचा. वर्तमानपत्रात येईपर्यंत त्यातली दोन टोकं गळतात आणि एकच ठसठशीत आकडा उरतो.

आकडा किती हलू शकतो याचा आपल्या घरचाच नमुना म्हणजे जुन्नर तालुक्यातलं बोरी. कुकडी नदीच्या काठावर तिथे ज्वालामुखीच्या राखेचा थर आहे आणि त्याच गाळात अश्मयुगीन दगडी हातकुऱ्हाडी. ही राख सुमात्रा बेटावरच्या तोबाच्या शेवटच्या महास्फोटाची मानली, तर तिचं वय सुमारे ७४ हजार वर्षं. पण वेगळ्या पद्धतीने काढलेलं पहिलं वय आलं होतं चौदा लाख वर्षं, आणि नंतरच्या एका मोजणीत पावणेसात लाखांच्या आसपास. राख तीच, नदी तीच. कुठला आकडा घेतो त्यावर महाराष्ट्रातला माणूस लाखो वर्षांनी मागेपुढे सरकतो.

इनामगावात वयाचा प्रश्न एवढा बिकट नाही. तिथे खरी कसोटी अर्थ लावण्याची आहे.

घरांच्या जमिनीखाली अडीचशेच्या आसपास दफनं निघाली. त्यात लहान मुलांची फार. मूल गेलं की दोन मडकी घेत, त्यांची तोंडं एकमेकांना भिडवून आडवी ठेवत आणि आत ते इवलंसं शरीर. खड्डा घरातच, रोजच्या वावरण्याच्या जमिनीखाली. प्रौढांना खड्ड्यात उताणं निजवत, डोकं उत्तरेला. आणि प्रौढांच्या सांगाड्यांमध्ये पुन्हा पुन्हा एक गोष्ट दिसली, घोट्याखाली पाय नाहीत.

आता इथे पायरी पायरीने जाऊ. पावलांची हाडं जागेवर नाहीत, ही झाली नोंद. कुणीही जाऊन पाहू शकतो, मोजू शकतो. पावलं कापली होती, हा पहिला अर्थ. तो लावण्याआधी दुसऱ्या शक्यता निकालात काढाव्या लागतात. पावलांची हाडं बारीक असतात, ती कुजली असतील का? मग हाताच्या बोटांचं काय, ती तर त्याहून बारीक. नंतरच्या कुणी खड्डा खणताना तेवढा भाग उडवला असेल का? एखाद-दुसऱ्याचा उडेल, पण इतक्या जणांचा नेमका तेवढाच? अशा प्रश्नांतून जाऊनही कापण्याचा अर्थ टिकतो, म्हणून तो बळकट. पुढची पायरी, मेलेल्याने उठून चालू नये म्हणून पाय कापले. उत्खनन करणाऱ्यांनी हा अर्थ सुचवला आहे, आणि भुताचे पाय उलटे असतात हे आजीच्या तोंडून ऐकलेल्या मराठी माणसाला तो लगेच पटतो. पण पटणं वेगळं आणि सिद्ध होणं वेगळं. भीतीचं हाड सापडत नाही. कदाचित भीती नसेल, माया असेल. मुलांना घराखाली पुरणारी माणसं मोठ्यांनाही घरातच ठेवू पाहत असतील, ‘कुठे जाऊ नकोस’ म्हणून. कृती तीच, भाव अगदी उलटा. दोन्हींपैकी एक निवडायला जमिनीत काही नाही.

पाय नसण्याला एक अपवाद मात्र मिळाला, आणि त्यामुळे प्रकरण फारच रंगतं. एका पाच खोल्यांच्या घराच्या अंगणात चार पायांचा, फुगीर पोटाचा, मातीचा मोठा रांजण निघाला. आत चाळिशीच्या आसपासचा पुरुष, बसवलेला. आणि त्याची पावलं शाबूत. गावातली बरीच घरं एक-दोन खोल्यांची असताना हे घर पाच खोल्यांचं. जवळच धान्यकोठार. गावाबाहेर पाणी वळवायला खणलेला मोठा चर आणि त्याला बांध, म्हणजे दहा-वीस घरांच्या नव्हे, सगळ्या गावाच्या हातांचं काम. या सगळ्या दुव्यांची माळ ओवून ढवळीकरांनी म्हटलं की हा गावप्रमुख, धान्य त्याच्या ताब्यात, कामं त्याच्या हुकमाने आणि प्रमुखपद घराण्यात चालत आलेलं.

मला ही माळ आवडते, कारण तिचा प्रत्येक मणी वेगळ्या ठिकाणाहून आला आहे. घराचा आकार, कोठाराची जागा, दफनाची पद्धत आणि सार्वजनिक काम यातला एकही दुवा एकट्याने ‘प्रमुख’ म्हणत नाही, पण चौघे एकाच दिशेला बोट दाखवतात. पुरातत्त्वात पुरावा म्हणतात तो बहुधा असा असतो. तरी शेवटचा मणी, घराण्याचा, जरा सैल वाटतो. तो पुरुष पुजारी असेल. पंचांनी ज्याच्या हाती किल्ल्या दिल्या तो कोठारी असेल. वेगळ्या कुळातला, म्हणून वेगळी रीत, असंही असेल. ‘प्रमुख’ हा शब्द वापरला की आपल्या डोळ्यांपुढे पाटील उभा राहतो, चावडीसकट, आणि मग तो पाटील आपल्याला नको ते नको तिथे दाखवू लागतो.

इ.स.पू. १०००च्या सुमारास गावाची रया जाते. तोवर ओळीने, मधे गल्ली सोडून बांधलेली चौकोनी घरं होती. आता लहान, गोल झोपड्या येतात, घोळक्याने. भांडी ओबडधोबड होतात. आधीची भांडी, जोर्वे या गावावरून ओळखली जाणारी, अशी भाजलेली की टिचकी मारली तर खणखणीत वाजत. गहू कमी होतो आणि शिकारीच्या जनावरांची हाडं वाढतात. तीनएकशे वर्षांनी गाव संपतं.

ढवळीकरांचं उत्तर होतं, पाऊस घटला. शेती पिकेना, लोक गरीब झाले, शेळ्या-मेंढ्यांमागे फिरू लागले. गोल झोपडी ही आजही फिरत्या लोकांची खूण, म्हणून ते अर्धवट भटके झाले असावेत. दुष्काळी पट्ट्यात हे ऐकताना नवल वाटत नाही. शिरूरच्या माणसाला पाऊस न पडल्याने गाव उठतं हे पुस्तकातून शिकावं लागत नाही.

पुढे ग्वेन रॉबिन्स शुग यांनी याच वस्त्यांमधल्या मुलांचे सांगाडे पुन्हा तपासले. वाढीच्या वयात उपासमार किंवा आजारपण आलं की हाडांवर आणि दातांवर त्याच्या खुणा राहतात. शेवटच्या काळात मुलांवरचा असा ताण वाढलेला त्यांना दिसला. पण ‘पाऊस गेला म्हणून गाव गेलं’ हे सरळ उत्तर त्यांना मान्य नाही. दख्खन त्याच्या कितीतरी आधीपासून कोरडाच होता, मग कित्येक शतकं चांगली चाललेली शेती नेमकी तेव्हाच का मोडावी? जमिनीचा कस, जन्ममृत्यूंचं प्रमाण, पिकं निवडण्याच्या सवयी, हे सगळं मधे येतं. सांगाडे तेच होते, टेकाड तेच होतं. प्रश्न बदलला आणि तपासायची हत्यारं सुधारली. कुणाला वाटतं, ‘यांचं दर वीस वर्षांनी बदलतं, मग विश्वास कशावर ठेवायचा?’ पण यात काय बदललं आणि काय नाही ते पाहा. गोल झोपड्या आल्या, गहू घटला, मुलं आजारी पडली यावर दोघांचं एकमत आहे. वाद फक्त ‘का’ वर आहे.

कधी कधी मात्र ‘काय’ हेसुद्धा चुकीचं वाचलं जातं. मोहेंजोदडोत रस्त्यांत आणि घरांत तीस-चाळीस सांगाडे अस्ताव्यस्त सापडले. पुरातत्त्वज्ञ मॉर्टिमर व्हीलर यांनी १९४०च्या दशकात त्यातून कत्तल वाचली आणि बाहेरून आलेल्या आर्यांवर, थेट इंद्रावर, आरोप ठेवला. डोळ्यांपुढे चित्र उभं करण्याची त्यांची हातोटी जबरदस्त होती, त्यामुळे ते पाठ्यपुस्तकांत जाऊन बसलं. १९६४ मध्ये जॉर्ज डेल्स यांनी नोंदी काढून दाखवलं की हे सांगाडे एका वेळचे नाहीत, एका थरातले नाहीत. हाडं तपासणाऱ्यांना बहुतेकांवर मारहाणीच्या खुणाही मिळाल्या नाहीत. साठ वर्षं झाली, पण व्हॉट्सअॅपवर इंद्र अजून आरोपीच्या पिंजऱ्यात आहे. गोष्ट छान असली की नोंदवही कोण उघडतो!

आता दायमाबाद. श्रीरामपूर तालुक्यात प्रवरेकाठचं हे टेकाडही इनामगावच्याच काळातलं, त्याहून थोडं जुनं. १९७४ मध्ये तिथे एका शेतकऱ्याला झाडाची मुळं खणताना ब्राँझच्या चार वस्तू मिळाल्या. दोन बैलांचा रथ आणि त्यावर उभा माणूस, हत्ती, गेंडा आणि रेडा. मिळून वजन साठ किलोंच्या वर. दख्खनच्या त्या काळात तांबं म्हणजे कुऱ्हाड, मणी, गळ, एवढंच. एवढं धातू एका जागी कुठेच नाही. कारागिरी अशी की पाहणारा थबकतो.

आणि तरीही इनामगावच्या मडक्यात पुरलेल्या मुलाइतकं हे ब्राँझ बोलत नाही. ते चराच्या भिंतीतून, नोंद होत होत आलेलं नाही. खड्ड्याची कड कुणी पाहिली नाही, शेजारी कुठलं खापर होतं ते कुणी लिहिलं नाही. नंतर शि. अ. साळींनी तिथे अनेक हंगाम उत्खनन केलं आणि या वस्तू उत्तर-हडप्पा काळातल्या, म्हणजे सुमारे चार हजार वर्षांपूर्वीच्या असाव्यात असं मत मांडलं. धर्मपाल अगरवालांनी धातूकडे बोट दाखवलं. यात आर्सेनिकचं प्रमाण एक टक्क्याहून जास्त आहे, आणि ताम्रपाषाणयुगातल्या इतर तांब्यात तसं दिसत नाही. मग हे खरंच त्या काळचं का? ब्राँझमध्ये कार्बन नसतो, त्यामुळे थेट वय काढता येत नाही. त्या शेतकऱ्याचा यात काही दोष नाही, त्याला झाड काढायचं होतं. पण वस्तूपेक्षा तिची जागा मोलाची का, हे समजावायला याहून चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही. मेटल डिटेक्टर घेऊन गड-किल्ल्यांवर फिरणाऱ्यांचा मला राग येतो तो यासाठी. ते नाणं नेतात तेव्हा नाण्याचा पत्ताही खणून नेतात, आणि तो पुन्हा कुणालाच मिळत नाही.

इनामगावच्या एका घराच्या जमिनीखाली झाकणाचा मातीचा डबा निघाला. त्याच्यासोबत न भाजलेल्या मातीच्या बायकांच्या लहान मूर्ती आणि एक बैल. एकीला डोकंच नाही, मुळातच घडवलेलं नाही. तिच्या पोटाला भोक आणि बैलाच्या पाठीलाही भोक. मधे काडी घातली की ती बैलावर बसते. हे पाहिल्याबरोबर ओठांवर ‘देवी’ शब्द येतो, आणि आपल्या गावची कुठली तरी आई आठवते. अशी तुलना चुकीची नाही. गोल झोपडी भटक्यांची हे आपण तसंच ओळखलं, कणगीचा बूड, चुलीची ठेवण तशीच ओळखली. पण चूल जेवण शिजवण्यासाठी हे तीन हजार वर्षांत बदलत नाही, देवाचं तसं नसतं. मूर्ती भाजलेली नाही, म्हणजे कायम ठेवायची नसावी, आणि ती जपून पुरलेली आहे, एवढं वाचता येतं. तिचं नाव आपण आपल्याकडून देतो.

लिहिलेलं असतं तर प्रश्न सुटला असता असं वाटतं. इनामगाव ओस पडल्यावर काही शतकांनी, त्याच पुणे जिल्ह्याच्या डोंगरात, तसं लिहिलेलं आहे. जुन्नरहून कोकणात उतरणाऱ्या नाणेघाटाच्या लेण्यात सातवाहन राणीने ब्राह्मी लिपीत आणि प्राकृतात मोठा लेख कोरवला. कोणकोणते यज्ञ केले, किती गायी, किती घोडे, किती कार्षापणं, म्हणजे त्या काळची नाणी, दक्षिणा दिली, याचे आकडेच आकडे. इनामगावच्या माणसाबद्दल स्वप्नातही मिळणार नाहीत असे तपशील. पण हा हिशेब राणीने ठेवला आहे, आणि तो व्यापाऱ्यांच्या तांड्यांना येता-जाता दिसेल अशा जागी. घाटात ओझं वाहणारा त्यात नाही, यज्ञाचं धान्य पिकवणारा त्यात नाही. म्हणून इतिहासकार आधी विचारतो, हे कुणी लिहिलं आणि कुणाला दाखवायला. इनामगावचं टेकाड निदान आपली बाजू मांडत नव्हतं.

लेख बराच झिजलाय. राणीचं नाव, नागनिका, ठरवताना त्याच लेण्यातल्या पुतळ्यांची मदत घेतात. समोरच्या भिंतीवर सातवाहन घराण्यातल्या माणसांचे पुतळे होते आणि प्रत्येकाच्या डोक्यावर नाव. पुतळे गेले. वर नावं उरली आणि खाली पायांच्या काही खुणा. घोडकाठच्या माणसांचं सगळं राहिलं आणि पाय गेले, घाटातल्या राजांचे पाय तेवढे राहिले. नावं पुसली गेली असती तर एव्हाना कुणीतरी पादुका समजून तिथे शेंदूर लावला असता.